एको कोण आहे? चार सेकंद मागे जाणाऱ्या पोराचं आयुष्य आणि त्यामागचं खरं तंत्रज्ञान



'आर्केन' बघितलेल्या कोणालाही विचारा, सगळ्यात आवडलेलं पात्र कोणतं? दहापैकी चार-पाच जण तरी एकोचं नाव घेतील. पांढरे केस, चेहऱ्यावर वाळूच्या घड्याळाचं चिन्ह, आणि हातात भंगारातून बनवलेलं एक यंत्र. दोरी ओढली की वेळ चार सेकंद मागे.

एकोबद्दल इंग्रजीत ढीगभर माहिती आहे, मराठीत मात्र शोधून सापडत नाही. म्हणून हा लेख. एको कुठला, त्याचं यंत्र काय करतं, त्याच्याआधीचा काळाचा मांत्रिक झिलियन कोण, हे सगळं इथे आहे. सोबत आणखी एक गोष्ट सांगणार आहे, जी मला स्वतःला खूप उशिरा कळली. एकोची युक्ती ही नुसती कल्पना नाही. तुम्ही ऑनलाइन गेम खेळता तेव्हा अगदी तशीच युक्ती तुमच्यासाठी सतत चालू असते.

(सूचना: पुढे 'आर्केन'च्या दोन्ही सीझनची गोष्ट उघड होते. बघायचं बाकी असेल तर आधी बघून या.)

एको: थोडक्यात माहिती

- नाव: एको
- ओळख: संशोधक, 'काळ फोडणारा मुलगा'
- गाव: झॉन (काल्पनिक शहर)
- पहिल्यांदा कुठे आला: 'लीग ऑफ लेजेंड्स' हा गेम, मे २०१५
- गेम बनवणारी कंपनी: रायट गेम्स
- मालिका: 'आर्केन', नेटफ्लिक्स (पहिला सीझन नोव्हेंबर २०२१, दुसरा नोव्हेंबर २०२४)
- यंत्र: झेड-ड्राइव्ह, म्हणजेच झीरो ड्राइव्ह
- मर्यादा: चार सेकंद

झॉन: धुरातलं गाव

एकोच्या जगात दोन शहरं आहेत. वर पिल्टोव्हर: श्रीमंत, स्वच्छ, विद्यापीठं आणि शास्त्रज्ञांचं. खाली झॉन: कारखाने, रसायनं, पाइपलाइनी आणि 'ग्रे' नावाचं विषारी धुकं. वरच्या शहराला लागणारा माल खालचं शहर बनवतं आणि धूरही खालच्यांनीच गिळायचा.

मी बोईसरचा. हे सगळं बघताना मला फारसं समजावून सांगावं लागलं नाही. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगतो, तारापूर एमआयडीसी नाव तारापूरचं लावते, पण ती आहे बोईसरला खेटून. केमिकल, औषधं, कापड, स्टील, सगळं इथे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०१८ मध्ये देशातल्या औद्योगिक पट्ट्यांचा प्रदूषण निर्देशांक काढला, तेव्हा ९३.६९ गुणांसह तारापूर सगळ्यांत वर होतं. या परीक्षेत पहिलं येणं कोणालाच नको असतं. रात्री वारा फिरला की खिडक्या लावून घ्यायच्या, हे आमच्याकडे लहान पोरालाही कळतं.

एकोचे आई-वडील, इन्ना आणि वायथ, कारखान्यात राबणारे. गेममधल्या मूळ गोष्टीप्रमाणे एको रांगायच्या आधीपासून छोटी यंत्रं जोडायचा. पोरगा हुशार आहे, याला झॉनमध्ये ठेवायचं नाही, वर पिल्टोव्हरला पाठवायचं, म्हणून दोघं जादा तास काम करायचे. त्यात ते वयाच्या आधीच म्हातारे दिसायला लागले. ते मरमर करत होते ते एकोच्या भविष्यासाठी, आणि एको बघत होता की यांचा आजचा दिवसच संपत चाललाय.

माझे बाबाही एमआयडीसीत शिफ्टला होते. फर्स्ट, सेकंड, नाईट. नाईट असली की घरात सकाळभर टीव्ही म्यूट. त्यामुळे एकोला पिल्टोव्हरला का जायचं नसतं, हे मला पटतं. त्याला झॉनमध्ये घाण दिसत नाही असं नाही. पण त्याचे मित्र तिथे आहेत. अनाथ पोरं, घरातून पळालेली पोरं, कोणी कुलूप उघडण्यात उस्ताद, कोणी भिंती चढण्यात. त्याच्या मते झॉनचं डोकं पिल्टोव्हरपेक्षा कमी नाही, फक्त त्याला संधी मिळत नाही.

झेड-ड्राइव्ह कसा बनला?

गेममधल्या गोष्टीत एकोला एका उद्ध्वस्त प्रयोगशाळेच्या ढिगाऱ्यात निळसर-हिरवा स्फटिकाचा तुकडा सापडतो. हा हेक्सटेक स्फटिक. या जगात जादू स्फटिकांत साठते आणि विज्ञान ती यंत्रात वापरतं. जादू अधिक यंत्र म्हणजे हेक्सटेक. म्हणून एकोला धड नुसता मांत्रिक म्हणता येत नाही आणि धड नुसता इंजिनिअरही नाही. ऊर्जा जादूची, पण ती काबूत आणणारं यंत्र त्याने स्वतः, भंगारातून जोडलेलं.

त्या यंत्राने तो काही सेकंद मागे जाऊ शकतो, आणि मागे गेल्यावर आधी काय झालं होतं हे फक्त त्याच्या लक्षात राहतं. बाकी सगळ्यांसाठी ते घडलेलंच नसतं. एकोची खरी ताकद ही आठवण आहे. आठवण राहिली नसती तर तो तीच चूक पुन्हा पुन्हा करत बसला असता.

आर्केनमधला एको

मालिकेत गोष्ट थोडी वेगळी सांगितली आहे. लहान एको बेन्झो नावाच्या माणसाच्या दुकानात काम करतो. बेन्झो मारला जातो. त्याची मैत्रीण पावडर पुढे जिंक्स बनते, शत्रूच्या बाजूला जाते. एको 'फायरलाइट्स' ही टोळी उभी करतो. टोळीचा अड्डा एका प्रचंड झाडाभोवती. झॉनसारख्या ठिकाणी हिरवं झाड वाचवून ठेवणं हेच त्याचं बंड.

दुसऱ्या सीझनच्या सातव्या भागात तो वेगळ्याच काळात जाऊन पडतो. तिथे हेक्सटेकचा शोधच लागलेला नाही. झॉन आणि पिल्टोव्हरमध्ये शांतता आहे. बेन्झो जिवंत आहे, पावडर हसतीखेळती आहे. पण पावडरची बहीण व्हाय मात्र लहानपणीच गेलेली आहे. म्हणजे सगळं चांगलं असलेलं जग कुठेच नाही. तिथे तो पावडर आणि प्राध्यापक हायमर्डिंगरच्या मदतीने झेड-ड्राइव्ह बनवतो. चाचण्यांतून कळतं की चार सेकंदांपलीकडे जाणं धोक्याचं. आणि मग, हवं होतं ते सगळं जग समोर असताना, तो परत आपल्या मोडक्या जगात येतो.

परत आल्यावर यंत्राचा पहिला मोठा उपयोग तो काय करतो? जिंक्स आयुष्य संपवायच्या तयारीत असते. एको पोहोचतो, बोलतो, फसतो. मागे जातो, पुन्हा बोलतो, पुन्हा फसतो. असं कित्येकदा, शेवटी ती ऐकेपर्यंत. ती थांबते ती त्याच्या यंत्रामुळे नाही, कोणीतरी बोलत राहिलं म्हणून. (तुमच्या किंवा तुमच्या मित्राच्या मनात असे विचार येत असतील तर टेलि-मानसच्या १४४१६ या नंबरवर फोन करा. मोफत आहे, २४ तास चालू असतो, मराठीत बोलता येतं.)

एकोच्या आधीचा: झिलियन

याच जगात काळाशी खेळणारा एक जुना मांत्रिक आहे, झिलियन. हा २००९ पासून गेममध्ये आहे, म्हणजे अगदी सुरुवातीच्या पात्रांपैकी एक. लांब दाढी, पाठीवर भलंमोठं घड्याळ. तो शत्रूवर टाइम बॉम्ब टाकतो, मित्रांचा वेग वाढवतो आणि मरणाऱ्या साथीदाराला परत उभं करतो.

त्याची गोष्ट दुःखाची आहे. त्याचं गाव इकाथिया. शुरिमाच्या साम्राज्याविरुद्ध इकाथियाने बंड केलं, आणि जिंकण्यासाठी तिथल्या मांत्रिकांनी 'व्हॉइड' नावाची शक्ती मोकळी सोडली. ती त्यांच्याच गावाला गिळत सुटली. झिलियनने आपल्या मनोऱ्यातल्या लोकांना काळाच्या बाहेर गोठवून वाचवलं. पण त्यांना परत कसं आणायचं हे त्याला अजून सापडलेलं नाही.

दोघांत फरक बघा. झिलियनला हजारो वर्षांचा भूतकाळ दुरुस्त करायचाय आणि तो अडकून पडलाय. एकोकडे फक्त चार सेकंद आहेत आणि तो रोज काहीतरी दुरुस्त करतो.

गेममध्ये वेळ मागे जाते म्हणजे नक्की काय होतं?

आता तंत्रज्ञानाकडे येऊ. 'लीग ऑफ लेजेंड्स'मध्ये एकोची शेवटची मोठी शक्ती आहे 'क्रोनोब्रेक'. ती वापरली की एको चार सेकंदांपूर्वी जिथे होता तिथे जातो, आजूबाजूच्या शत्रूंना मार बसतो आणि त्याला थोडा जीव परत मिळतो. गेल्या चार सेकंदांत जेवढा जास्त मार खाल्ला असेल, तेवढा जास्त जीव परत. खेळताना एकोची एक सावली त्याच्या मागे फिरताना दिसते. ती सावली म्हणजे चार सेकंदांपूर्वीचा एको.

हे कोडमध्ये कसं करतात? यासाठीचा ठरलेला मार्ग आहे 'रिंग बफर'. नाव मोठं आहे, पण ही गोष्ट तुम्ही रोज बघता. किराणा दुकानातला सीसीटीव्ही आठवा. त्यात कायमचं रेकॉर्डिंग राहत नाही. डिस्क भरली की सगळ्यात जुनं पुसून त्यावर नवं लिहिलं जातं. रिंग बफर तसाच:

१. ठरावीक जागांची एक रांग करायची.
२. दर क्षणी पात्र कुठे आहे, जीव किती आहे, हे पुढच्या जागेत लिहायचं.
३. रांग संपली की परत पहिल्या जागेपासून, जुन्यावर नवं लिहायचं.
४. 'मागे जा' म्हटलं की सगळ्यात जुनी नोंद काढून पात्र तिथे ठेवायचं.

हिशोब करू. समजा गेम सेकंदाला ३० वेळा नोंद घेतो. चार सेकंदांच्या १२० नोंदी. प्रत्येक नोंदीत चार आकडे धरू: तीन जागेचे, एक जीवाचा. एका आकड्याला ४ बाइट, म्हणजे नोंदीला १६ बाइट. एकूण १९२० बाइट. दोन केबीसुद्धा नाही! फॅमिली ग्रुपवर रोज येणारा गुड मॉर्निंगचा फोटो याच्या कितीतरी पट मोठा असतो.

मग चारच सेकंद का, चार मिनिटं का नाहीत? मेमरीचा प्रश्न नाही, खेळाचा तोल हा प्रश्न आहे. चार मिनिटं मागे जाता आलं तर एकोशी कोणी लढणारच नाही. आणखी एक गंमत म्हणजे, मालिकेत सगळं जग मागे जातं, पण गेममध्ये फक्त एको मागे जातो. कारण तिथे बाकीचे नऊ जण खरी माणसं असतात. त्यांनी खेळलेला खेळ एकट्यासाठी कसा पुसणार?

एकटा खेळाडू असेल तर मात्र अख्खं जग मागे नेता येतं. 'प्रिन्स ऑफ पर्शिया: द सँड्स ऑफ टाइम' (२००३) मध्ये वाळू शिल्लक असेपर्यंत मागे जाता यायचं. 'ब्रेड' (२००८) या गेममध्ये तर हवं तेवढं मागे जाता येतं, आणि त्यातली कोडी त्यावरच बांधलेली आहेत.

तुमच्या गेममध्येही कोणीतरी वेळ मागे नेतंय

आता ती गोष्ट, जी सुरुवातीला सांगायची राखून ठेवली होती.

डहाणूपर्यंत लोकल २०१३ मध्ये सुरू झाली. तेव्हापासून आमच्याकडची अर्धी पोरं प्रवासात गेम खेळतात. मीही त्यातलाच. वैतरणेच्या पुलावर माझं नेटवर्क हमखास डुगडुगतं. पिंग ४० वरून ३०० वर. आणि मग तो नेहमीचा वाद: "अरे मी भिंतीमागे गेलो होतो, तरी मेलो कसा?"

पिंग म्हणजे तुमच्या फोनचा निरोप सर्व्हरला जाऊन उत्तर परत यायला लागणारा वेळ, मिलिसेकंदांत. एक सेकंद म्हणजे हजार मिलिसेकंद. तुम्हाला स्क्रीनवर दिसणारा शत्रू हा नेहमी थोडा 'शिळा' असतो. तो त्या जागी होता, आता कदाचित नसेल. मग तुम्ही त्याच्यावर अचूक नेम धरून गोळी मारली आणि निरोप उशिरा पोहोचला, तर सर्व्हरने काय करायचं?

शूटिंगच्या कित्येक ऑनलाइन गेममध्ये सर्व्हर एकोसारखंच करतो. सगळे खेळाडू गेल्या काही क्षणांत कुठे कुठे होते याची नोंद त्याच्याकडे असते. तुमची गोळी आली की तो हिशोब करतो, याने बटण दाबलं तेव्हा याला काय दिसत होतं? मग बाकीच्यांना तेवढा वेळ मागे नेऊन बघतो, गोळी लागली असती का? लागली असती तर लागली. याला 'लॅग कॉम्पेन्सेशन' म्हणतात. व्हॉल्व्ह कंपनीच्या याह्न बर्नियर यांनी २००१ मध्ये ही पद्धत एका लेखात सविस्तर मांडली, आणि आजही ती वाचली जाते.

म्हणजे तुम्ही भिंतीमागे गेला होतात हे खरं. पण गोळी मारणाऱ्याच्या स्क्रीनवर तुम्ही अजून बाहेर होतात हेही खरं. सर्व्हरने वेळ मागे नेली आणि त्याच्या बाजूने निकाल दिला. प्रत्येक वेळी समोरचा हॅकर असतोच असं नाही!

मारामारीच्या गेममध्ये याहून पुढची युक्ती वापरतात, 'रोलबॅक'. इथे तुमचा फोन किंवा कॉम्प्युटर समोरच्याच्या बटणाची वाट बघत थांबत नाही. तो अंदाज करतो की समोरचा आत्ता जे दाबतोय तेच दाबत राहील. खेळ पुढे चालू. खरं बटण कळलं आणि अंदाज चुकला असेल, तर गेम साठवून ठेवलेल्या जुन्या स्थितीत परत जातो आणि तिथपासून आत्तापर्यंतचा खेळ खऱ्या बटणांसह नव्याने मोजतो. सेकंदाला ६० चित्रं म्हटलं तर एक चित्र सुमारे १७ मिलिसेकंदांचं. निरोप १०० मिलिसेकंद उशिरा आला तर सहा चित्रं मागे जाऊन परत यायचं, तेही पुढचं चित्र दाखवायच्या आत. हे इतकं पटकन होतं की डोळ्यांना जेमतेम एक झटका जाणवतो.

टोनी कॅनन यांनी 'जीजीपीओ' नावाच्या सॉफ्टवेअरमधून ही पद्धत लोकप्रिय केली. पुढे त्यांची कंपनी रायटने घेतली आणि त्यांनी रायटसाठी '२एक्सकेओ' हा मारामारीचा गेम बनवला. त्या गेममध्ये एको आहे! म्हणजे वेळ मागे नेणारा पोरगा अशा गेममध्ये लढतो, जो स्वतःच सतत वेळ मागे नेत असतो.

मराठीतला एको? गंगाधरपंत!

एको दुसऱ्याच काळात जाऊन पडतो तो भाग बघताना मला डॉ. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आठवली. तुमच्यापैकी काहींनी ती 'द ॲडव्हेंचर' या नावाने एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजी पुस्तकात वाचली असेल.

इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे ट्रकच्या धडकेनंतर अशा जगात पोहोचतात जिथे १७६१ ची पानिपतची लढाई मराठे जिंकलेले असतात. का? तर विश्वासरावांना लागणारी गोळी त्या जगात थोडक्यात हुकलेली असते. एक गोळी, काही इंच, आणि सगळा इतिहास बदलला. गंगाधरपंत परत येतात तेव्हा खिशात त्या दुसऱ्या जगातल्या पुस्तकाचं एक फाटकं पान असतं.

इथेही तीच गोष्ट. परत आलेल्याकडे नोंद असावी लागते. गंगाधरपंतांकडे पान, एकोकडे आठवण, सर्व्हरकडे रिंग बफर. नोंद नसेल तर मागे जाता येत नाही, आणि गेलं तरी उपयोग नाही.

तुमच्या फोनमधले 'चार सेकंद'

तुमच्या फोनमध्येही असे छोटे झेड-ड्राइव्ह आहेत. प्रत्येकाची मर्यादा वेगळी, ती माहीत हवी:

- जीमेलचं 'अनडू सेंड': ५, १०, २० किंवा ३० सेकंद. सेटिंगमध्ये जाऊन ३० करून ठेवा. गंमत म्हणजे इथे वेळ मागे जातच नाही. मेल तेवढा वेळ पाठवलेलाच नसतो, नुसता थांबवून ठेवलेला असतो.
- व्हॉट्सॲपवर चुकून 'डिलीट फॉर मी' दाबलं: परत आणायला ५ सेकंद. एकोपेक्षा एक जास्त!
- व्हॉट्सॲप मेसेज एडिट: १५ मिनिटं.
- गुगल फोटोज: बॅकअप असलेला फोटो डिलीट केला तर बिनमध्ये ६० दिवस, बॅकअप नसलेला ३० दिवस.
- यूपीआय: शून्य सेकंद. पिन टाकला, पैसे गेले. चुकीच्या माणसाला गेले तर ॲपमध्ये आणि बँकेत लगेच तक्रार करा. फसवणूक झाली असेल तर १९३० वर ताबडतोब फोन करा. इथे उशीर म्हणजे नुकसान, कारण पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत अडवावे लागतात.

आणि बॅकअप. हे मी पुस्तकातून सांगत नाहीये. बाबा जाऊन तीन वर्षं झाली. नाईट शिफ्टला असताना ते मला व्हॉइस मेसेज टाकायचे, टाइप करायचा कंटाळा म्हणून. 'जेवलास का', 'मोटर बंद कर', 'सकाळी दूध घेऊन ठेव' असलेच मेसेज. मी व्हॉट्सॲपचा बॅकअप बंद ठेवला होता, कारण स्टोरेज भरतंय म्हणून सारखं नोटिफिकेशन यायचं. जुलैच्या पावसात स्टेशनवरून घरी येताना फोन पाण्यात गेला. दुरुस्तीवाल्याने दोन दिवस ठेवून घेतला आणि नाही म्हणाला. त्या सगळ्या मेसेजना फार तर शंभर-दोनशे एमबी लागले असते.

हा लेख वाचून झाल्यावर एकच गोष्ट करा. व्हॉट्सॲप उघडा, सेटिंग्ज, चॅट्स, चॅट बॅकअप. शेवटचा बॅकअप कधीचा आहे ते बघा.

जे मागेही जात नाही आणि पुढेही ढकलता येत नाही

आमच्याच भागातलं एक घड्याळ सांगतो. तारापूर अणुऊर्जा केंद्राची पहिली दोन युनिट १९६९ मध्ये सुरू झाली. देशातलं पहिलं अणुवीज केंद्र. अणुभट्टीत वापरलेल्या इंधनात सीझियम-१३७ नावाचा किरणोत्सारी पदार्थ तयार होतो. त्याचं अर्धायुष्य सुमारे ३० वर्षं, म्हणजे ३० वर्षांत तो निम्मा होतो, पुढच्या ३० वर्षांत त्याच्या निम्मा. १९६९ साली तयार झालेलं सीझियम १९९९ मध्ये निम्मं झालं आणि २०२९ मध्ये पाव होईल. कितीही पैसे, कितीही मोठा कॉम्प्युटर लावला तरी हे घड्याळ भरभर पळवता येत नाही. ते सांभाळून ठेवायचं आणि थांबायचं, एवढंच हातात.

दुसरी गोष्ट. तिसऱ्या आणि चौथ्या युनिटसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठवली गेली. घरं दुसरीकडे बांधून दिली गेली, पण समुद्राकाठची ती गावं परत येणार नाहीत. झिलियनच्या मनोऱ्याची गोष्ट वाचताना मला हीच दोन नावं आठवतात. त्यांच्या बाबतीत आपल्या हातात एकच आहे, नोंद. जुने फोटो, आजी-आजोबांच्या तोंडून ऐकलेल्या गोष्टी, बोलीतले शब्द. फोन खिशात आहेच. रेकॉर्ड करा.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

*एको मांत्रिक आहे की शास्त्रज्ञ?*
संशोधक. त्याच्या अंगात जादू नाही, ती स्फटिकात आहे. अंगात जादू असलेला काळाचा मांत्रिक म्हणजे झिलियन.

*'आर्केन' बघायला आधी गेम खेळावा लागतो का?*
अजिबात नाही. गेम कधीच न खेळलेले लाखो लोक ती बघतात. २०२२ मध्ये तिला सर्वोत्कृष्ट ॲनिमेटेड कार्यक्रमाचा एमी पुरस्कार मिळाला.

*एकोचा स्वतंत्र गेम आहे का?*
हो. 'कन्व्हर्जन्स', मे २०२३ मध्ये आला. त्यात एकोला भविष्यातला मोठा एको भेटतो आणि वेळ मागे नेण्याचा भरपूर वापर करता येतो.

*खऱ्या आयुष्यात वेळ मागे नेता येते का?*
नाही. घड्याळं वेगवेगळ्या गतीने चालू शकतात, हे मात्र खरं आहे. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. प्रकाश तेवढ्या वेळात ११ किलोमीटर जातो. ही चूक दुरुस्त केली नसती तर एका दिवसातच उपग्रहापासून मोजलेल्या अंतरात तेवढा फरक पडला असता, म्हणजे जवळजवळ बोईसर ते पालघर एवढा.

*पिंग कमी कसा करायचा?*
घरी असाल तर राउटरजवळ बसा, मागे चालू असलेले डाउनलोड बंद करा आणि गेममध्ये जवळचा सर्व्हर निवडा. वैतरणेच्या पुलावर असाल तर फोन खिशात ठेवा आणि खाडी बघा. त्यावर दुसरा उपाय मला तरी सापडलेला नाही.

लेख आवडला तर 'भिंतीमागे होतो तरी मेलो' म्हणून भांडणाऱ्या तुमच्या त्या मित्राला नक्की पाठवा. आणि हो, बॅकअप बघितला का?